भिंतीआडचा जवाब

हे कधी कोणाच्या हाती पडलंच, तर आधी माफी मागून ठेवते. ऱ्हस्व-दीर्घ मला कधी जमलं नाही, आणि अक्षर तर ओळीवर टिकतच नाही, उताराला लागलेल्या बैलबंडीसारखं खाली खाली जातं. चौथीपर्यंत शिकले. गावात शाळा तेवढीच होती. पुढची राळेगावला, आणि तिथं आमच्याकडच्या पोरींना एकटं पाठवत नसत. दुपारी घरात कोणी नसतं तेव्हा लिहायला बसते. दार लोटलेलं असतं. कोणी आलं की पानं पिठाच्या डब्यामागं सरकवते. आमची एक गायन पार्टी होती, तिच्याबद्दल लिहायचं आहे. तिच्यातले ढोलकवाले शामरावकाका वारले, माझा दादा तो विषय काढू देत नाही, आणि माझ्या सासरी कोणाला यातलं काहीच माहीत नाही. तेव्हा आठवणारी मीच उरले.

आमचं घर दोन खोल्यांचं. पुढची मोठी, मागची स्वयंपाकाची, आणि मधे मातीची भिंत. ती भिंत छपरापर्यंत गेलेली नव्हती. धूर जावा म्हणून वर हातभर मोकळी सोडलेली होती. बाबा मी लहान असतानाच गेले. आई, म्हणजे माई, दुसऱ्यांच्या वावरात कापूस वेचायला जाई आणि आमचं थोडंसं कोरडवाहू होतं ते दादा बघे. त्या वर्षांत कापसाला भाव नव्हता. सरकारी खरेदी सुरू होईल, भाव जरा चढेल, या आशेवर जो तो कापूस घरातच भरून ठेवायचा. आमचा होता थोडकाच, पण शामरावकाकांकडे जागा नव्हती म्हणून त्यांचाही आमच्याकडं. पुढची खोली खिडकीच्या वरपर्यंत पांढरी झालेली असे. त्या कापसात बारीक किडे असत, अंगाला चावत, पुटकुळ्या उठत. सरकीचा तेलकट वास भाकरीला लागे, पांघरुणाला लागे, केसांनाही लागे. अजून कुठं कापसाच्या गाडीजवळून गेले की मला घशात तो वास येतो आणि कोणीतरी पेटीचा भाता हलवतंय असं वाटतं.

कारण पार्टीची तालीम त्या कापसावरच व्हायची. दुसरीकडे जागाच नव्हती. माझा मोठा भाऊ मिलिंददादा मधे पेटी घेऊन बसायचा. गाणी त्याचीच, चालीही त्याच्याच. शामरावकाका ढोलक वाजवायचे; थोडं वावर सांभाळून ते राळेगावच्या कापसाच्या जिनिंगमध्ये हमाली करत, बोटं जाड, पण ढोलकीवर पडली की हलकी. तिसरे इस्माईलभाई. त्यांची राळेगावच्या स्टँडवर रेडिओ-टेप दुरुस्तीची टपरी होती, आणि ते बेंजो वाजवायचे. त्यांनी स्वतःच बेंजोला वायर जोडून त्याचा आवाज मोठा केला होता. कापसात आवाज बुडून जाई. ढोलकीवर थाप पडली तरी ती उशीवर मारल्यासारखी ऐकू येई. काका म्हणायचे, "ढोलकीले पडसं झालं बाप्पा, हिले काढा पाजा." पार्टीचं नाव दादानं ठेवलं, उजेड गायन पार्टी. काकांना ते पसंत नव्हतं. ते म्हणायचे, "दिवाबत्तीवाल्याचं दुकान वाटून राह्यलं."

आमच्या वस्तीत आणि आजूबाजूला तेव्हा कव्वालीचे सामने होत. जयंतीला, लग्नात, कधी नुसतंच वर्गणी करून. दोन पार्ट्या समोरासमोर बसत, बहुतेक एकीकडे बाई गाणारी आणि दुसरीकडे पुरुष. एकानं सवाल टाकायचा, दुसऱ्यानं त्याच चालीत जवाब द्यायचा. ज्याचं कडवं अर्धं राहिलं तो हरला. बाकी पार्ट्या सिनेमाच्या चालींवर शब्द बसवत, ते सोपं असे, लोकांनाही लगेच उचलता येई. दादा तसं करायचा नाही. त्याची गाणी एस्टीवर, हापशीवर, फाट्यावरच्या चहावर. पण त्याची एक खोड होती. समोर भांडणारं कोणी नसलं की त्याला पुढचं सुचायचंच नाही. तालमीत समोर नुसती कापसाची भिंत. एक कडवं म्हणून तो थांबायचा, पुन्हा तेच म्हणायचा.

एक दिवस मी मागं पीठ मळत होते. दादा पुढं म्हणत होता:

एस्टी आली, एस्टी गेली, तुही खिडकी रिकामी
सांग कोन्या गावी उतरली, कोनाच्या मुक्कामी

तो तेच तेच म्हणत राहिला. आणि माझ्या तोंडून, हात पिठात असताना, निघून गेलं:

खिडकी रिकामी कशी म्हनतं, डोये तुहे झाकले
फाट्यावर मी उभी होती, पाय माहे थकले

पुढं सगळं थांबलं. मग इस्माईलभाईंचा आवाज आला, "अरे, अंदर कौन है?"

"सुमी हाय," दादा म्हणाला.

"सुमन, फिर से बोल ना जरा."

चूल विझलेली नव्हती तरी मी फुंकत बसले. काका म्हणाले, "राहू द्या. पोरगी लाजून राह्यली. अशानं ते भाकरी जाळीन आन् आपल्याले उपाशी जा लागन."

मला माणसांसमोर तोंड उघडता येत नसे. शाळेतही धडा वाचायला उभं केलं की अक्षरं दिसायची पण आवाज यायचा नाही. असं का, ते मला आजही सांगता येणार नाही. कोणी मारलं नव्हतं, कोणी हसलं नव्हतं. पण भिंत मधे असली की माझ्यातली दुसरीच कोणी बोलायची, आणि ती चांगली भांडखोर होती. दुसऱ्या दिवशी दादानं माझं नाव न घेता भिंतीकडे तोंड करून सवाल टाकला. मी थोडं थांबून जवाब दिला. मग तसा नियमच झाला. गाणं चालू असेपर्यंत स्वयंपाकघरात कोणी यायचं नाही. काकांना तहान लागली तरी ते कडवं संपायची वाट बघत. तालीम झाली की मी चहा गाळून भिंतीच्या कडेला ठेवायची आणि आत जायची. ते कप उचलायचे. "शक्कर कमी है आज, जवाब में भी," इस्माईलभाई म्हणायचे, आणि मी आत एकटीच हसायची.

पण कार्यक्रमाला ते जात, मी नाही. तिथं जवाब द्यायला समोर दुसरी पार्टी असे. संध्याकाळी पेटी, ढोलक, बेंजो उचलून ते फाट्याकडे निघाले की माई आणि मी जेवायला बसायचो. भाकर, तेलात घातलेला मिरचीचा भुरका, कधी डाळभाजी. माई वेचणी करून थकलेली असे, ताटावरच पेंगायची. पुढच्या खोलीत कापूस नुसता पडून असे. आपण सकाळी रचलेली ओळ आता दादा कुठल्या गावात कोणासमोर म्हणत असेल, लोक काय करत असतील, हे मला कधी कळलं नाही. विचारलं तर दादा म्हणे, "चांगला झाला." एवढंच.

कॅसेट काढायची कल्पना इस्माईलभाईंची. कॅसेटवाल्यांकडे दादा जाऊन आला होता. सिनेमाच्या चाली असतील तर घेऊ, म्हणाले. इस्माईलभाई म्हणाले, मग आपणच काढू. त्यांनी स्टँडमागचा पक्का गाळा घ्यायला बरीच वर्षं पैसे बाजूला टाकले होते, टपरीत पावसाचं पाणी शिरून लोकांचे टेप खराब व्हायचे म्हणून. ते पैसे त्यांनी काढून दिले. दादा नको म्हणाला, मग म्हणाला, पोळ्याच्या आत परत करतो. "तू गा. गाळा कहीं भाग के नहीं जाता," इस्माईलभाई म्हणाले.

यवतमाळला एका दुकानाच्या माडीवर रेकॉर्डिंगची खोली होती. मला डबा घेऊन सोबत नेलं होतं. माईला दादानं सांगितलं, दिवसभराचं काम आहे, पोरगी भाकरी तरी वाढेल. त्या खोलीच्या भिंतींना गाद्या ठोकल्या होत्या. काकांनी आत पाय टाकला आणि टाळी वाजवून पाहिली. "आपलंच घर हाय. कापूस भरेल हाय इथंबी." पण दादाला काही केल्या गाता येईना. समोर माईक, माईकच्या पुढं गादी. पहिलं कडवं म्हणायचा आणि थांबायचा. पुन्हा सुरू, पुन्हा थांबला. भाडं तासावर होतं. मालक घड्याळाकडे बघायला लागला, मग बाहेर जाऊन विडी ओढून आला. गेलेल्या प्रत्येक तासाचे पैसे कोणाचे जात होते ते आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

शेवटी काका म्हणाले, "सुमीले बसवा ना आडोशाले."

मी डब्याचं झाकण हातात धरून उभी होते. तिथं एक सामानाची कोठी होती, झाडू, फिनेल, जुन्या वायरी ठेवायची. इस्माईलभाईंनी दुसरा माईक तिथं आत लावला, एक डबा उलटा ठेवला मला बसायला, आणि दार ओढून घेतलं. अंधारात फिनेलचा वास आणि दाराखालून येणारी उजेडाची रेघ. दादानं सवाल टाकला. त्याचा आवाज दारातून आला, जसा भिंतीवरून यायचा. मी जवाब दिला. मग कॅसेटच्या दोन्ही बाजू संपेपर्यंत आम्ही थांबलोच नाही. मालक म्हणाला, "ही बाई कोण? नाव सांगा, कव्हरवर टाकतो." दादानं माझ्याकडं पाहिलं. मी नको म्हणून मान हलवली. कव्हरवर तिघांचा फोटो आला, आणि खाली "आणि पार्टी". मी ते "आणि पार्टी" खूप वेळा वाचलं.

कॅसेट विकली थोडकीच गेली, पण वाजली पुष्कळ. फाट्यावरच्या चहाच्या दुकानात लागायची, राळेगावच्या काळीपिवळी जीपमध्ये लागायची. मी एकदा माईबरोबर बाजाराला गेले तर गाडीत माझाच आवाज. बाजूची बाई गुडघ्यावर ताल धरून होती. मी खिडकीबाहेर बघत राहिले. माईनं माझ्या मांडीवरची पिशवी उगीच सरळ केली.

आणि तिथूनच पार्टी अडायला लागली. कार्यक्रम ठरवायला माणसं यायची आणि विचारायची, कॅसेटमधली बाई येते ना? दादा म्हणायचा, बघतो. ती बाई नसेल तर मग राहू द्या, असं म्हणून लोक उठायचे. त्यातून ते वर्षच तसं होतं. लोकांकडे वर्गणीला पैसा नव्हता. मंडपवालासुद्धा आधी विचारायचा, गावात काही वाईट झालं तर नाही ना. कारण त्या काळात कर्जापायी कोणी ना कोणी औषध पीत असे, आणि मग ठरलेलं सगळं रद्द. पोळा आला आणि गेला. इस्माईलभाई टपरीतच बसत होते, छपरावर नवी ताडपत्री टाकून. त्यांनी एकदाही मागितले नाहीत. ते मागत नव्हते म्हणून दादाला झोप लागत नव्हती.

जयंतीच्या आधी ढाणकीहून दोघं जण आले. मोठा सामना ठेवला होता, समोर नांदेडकडची नावाजलेली गाणारी, रजनीबाई. बिदागी इतकी होती की एकाच दिवसात इस्माईलभाईंचे सगळे पैसे फिटले असते. पण बाई पाहिजे. आणि हरणाऱ्याला अर्धीच बिदागी, हेही त्यांनी स्पष्ट सांगितलं. ते गेल्यावर दादा स्वयंपाकघरात येऊन बसला. तो कधी तिथं बसत नसे. राखेत काडीनं रेघा ओढत राहिला.

"सुमे, तुले जबरदस्ती नाही."

"मले माईत हाय."

"नाही म्हन, मी त्याइले सांगून देतो."

मी भाकर उलटली. "पडदा लावशीन का?"

"लावतो ना. गोधडीच लावतो म्हनशीन तं."

"मंग येईन."

माई दारात उभी होती. ती म्हणाली, "येईन म्हनते, पन भाकर तिची पा कशी करपून राह्यली." पण तिनं अडवलं नाही. सकाळी तिनं माझ्या केसांना तेल लावलं आणि तिचं चांगलं लुगडं काढून दिलं, जरी मी पडद्याआडच बसणार होते.

ढाणकीला कार्यक्रम दुपारी होता, जेवणाच्या पंगती उठल्यावर. उन्हानं कनात तापली होती. आमच्या स्टेजवर मागं एक सतरंजी आडवी बांधली, तिच्या मागं मी, पाण्याचा माठ आणि माईक. सतरंजीच्या विणीतून पलीकडची माणसं ठिपक्यांसारखी दिसायची. इतकी माणसं मी कधी पाहिली नव्हती. म्हणून मी डोळे मिटून घेतले.

रजनीबाईंनी सुरुवातीलाच चिमटा काढला. "का हो, उजेड पार्टी, नाव उजेडाचं आणि बाईला ठेवता अंधारात? दिसायला तुमच्या ढोलकीवाल्यासारखी आहे का?" लोक हसले. काका माईकमध्ये म्हणाले, "माह्यासारखी असती तं समोर बसवली असती, दोन बिदाग्या भेटल्या असत्या." मग सवाल सुरू झाले. आमच्या बाजूनं दादा एक उचलायचा, एक मी. बाईंचा आवाज मोठा, खर्जातून वर चढणारा. मला वाटलं होतं भीती वाटेल. उलट आत काहीतरी मोकळं होत गेलं. त्यांनी विचारलं, बाईच्या जातीनं घरात राहून काय पाहिलं. मी म्हटलं, घरात राहून मी घर पाहिलं, तुम्ही ते कधी पाहिलं. असं काहीसं होतं. पूर्ण शब्द आता आठवत नाहीत. मंडपात जो गलका उठला तो मी सतरंजीमागं बसून ऐकला. आयुष्यात पहिल्यांदा मला कळलं की कार्यक्रमात काय होतं.

आमच्या सामन्यात रीत अशी की जवाब फार आवडला तर समोरची गाणारी स्वतः उठून येते आणि दहाची नोट हातात देते. तो मोठा मान. मला हे माहीत होतं, पण ते माझ्या बाबतीत होईल असं डोक्यातच आलं नाही. मी पुढचं कडवं धरलं होतं, पहिली ओळ म्हणून दुसरी उचलत होते, तेव्हा रजनीबाई आपल्या स्टेजवरून उतरल्या, मधली वाट चालून आल्या, आणि हातात नोट धरून त्यांनी सतरंजी बाजूला केली.

ऊन एकदम आत आलं. त्यांच्या मागं सगळा मंडप माझ्याकडे बघत होता. ओळ माझ्या तोंडात होती. मला ती दिसत होती म्हटलं तरी चालेल. आवाज आला नाही.

रजनीबाईंना लगेच समजलं. नोट तशीच हातात ठेवून त्या माझ्यापुढं पाठ करून खाली बसल्या, चांगल्या अंगानं भरलेल्या होत्या, मी पूर्ण झाकले गेले. मागं मान वळवून हळूच म्हणाल्या, "मला काय ठावं बाई, तू अशी आहेस ते. म्हण आता. मी आडवी बसलीय. कोणी दिसत नाही." दादानं पेटीवर तोच सूर धरून ठेवला. काकांनी ठेका सोडला नाही. इस्माईलभाईंनी माझी चाल बेंजोवर पुन्हा पुन्हा वाजवली, जशी लहान मुलाला वाट दाखवावी तशी. मी तोंड उघडलं होतं. लोकांनीही बराच वेळ धीर धरला. मग मागून कोणीतरी शिट्टी मारली, आणि पंचांनी हात वर केला.

दादानं उठून रजनीबाईंना हार घातला. त्यांनी तो घालून घेतला, कारण जिंकलेल्याला हार घालायची रीत होती, पण स्टेजवरून उतरल्यावर काढून हातात घेतला.

परतीच्या एस्टीत मला कोणी बोल लावला नाही. काकांनी शेंगा घेतल्या होत्या, त्या सोलून माझ्या हातावर ठेवत होते. कोणी रागावलं असतं तर मला कुठंतरी बघता आलं असतं. मी चूक केली असं मला तेव्हा वाटलं नाही, आजही वाटत नाही. जमलं नाही, एवढंच. पण त्या दिवसानंतर दादानं भिंतीकडे तोंड करून कधी सवाल टाकला नाही. मी कितीतरी दिवस पीठ मळताना कान लावून असायची. मग कापूस मिळेल त्या भावानं विकला. खोली रिकामी झाली. काडीकचरा, सरकी झाडून काढली तर खोलीत बोललं की आवाज घुमायला लागला, आणि तेव्हा तिथं गाणारं कोणी नव्हतं. काका लेकीकडं नागपूरला गेले. दादा चंद्रपूरकडे सिमेंटच्या कामावर गेला. पेटी माईनं उंदरांपासून वाचावी म्हणून आढ्याला टांगली.

राहिली ती न विकलेल्या कॅसेटींची पत्र्याची पेटी. ती मी घेतली. वेचणी नसेल त्या दिवशी राळेगावच्या बाजारात बसायची, फण्या-आरसे विकणाऱ्या मावशीच्या बाजूला. इस्माईलभाईंनी सेलवर चालणारा एक टेप दिला होता. मला बोलावं लागत नसे, टेप बोलायचा. मी आपली शेजारी गप्प बसलेली. बाया थांबायच्या, ऐकायच्या. एकदा एकीनं मावशीला सांगितलं, "हे गानारी नागपूरची हाय, मी पाह्यली तिले. लय गोरी हाय." मावशीनं मला विचारलं, "कावो, खरं हाय का?" मी म्हटलं, "असन. मले माईत नाही." आणि ती बाई कॅसेट घेऊन गेली. दिवसभर माझाच आवाज माझ्या शेजारी भांडत राहायचा, आणि कोणी जवाब मागायला माझ्याकडं वळायचं नाही. मला ते बरं वाटायचं, आणि संध्याकाळी बरं वाटायचं नाही.

जे जमे ते, आणि वेचणीच्या मजुरीतलं थोडं, असं मी टपरीवर नेऊन द्यायची. माझ्या लग्नाचं बोलणं चालू झालं तरी ते चालूच होतं. इस्माईलभाई पहिल्यांदा म्हणाले, "तेरे से लेना मेरे को अच्छा नहीं लगता." मी पैसे ठेवून निघून आले. पुढच्या वेळेपासून ते घेऊ लागले. स्टूल पुढं सरकवायचे, पलीकडून चहा सांगायचे, आणि गाडी येईपर्यंत कुठलातरी टेप उघडून काम करत राहायचे. मधे मधे म्हणायचे, "मिलिंद का कुछ पता?" मी म्हणायची, बरा आहे. कधी त्या चालीतली एखादी ओळ ते गुणगुणत, आणि पुढची ओळ माझ्या मनात येई. तेवढ्यासाठी मी आठवडाभर वाट बघायची, हे मला तेव्हा कळलं नव्हतं.

शेवटचे पैसे दिले तेव्हा वावरातल्या कपाशीच्या वाळल्या पऱ्हाट्या उपटून झाल्या होत्या. स्टँडमागचा गाळा केव्हाच दुसऱ्यानं घेतला होता, आणि टपरीवर टेपांच्या ऐवजी लोक मनगटी घड्याळं आणि टॉर्च दुरुस्तीला आणायला लागले होते. मी नोटा समोर ठेवल्या. इस्माईलभाईंनी त्या न मोजता गल्ल्यात टाकल्या आणि हातातलं पेचकस खाली ठेवलं.

"पूरा हो गया, सुमन. अब किसी का कुछ बाकी नहीं."

मी हो म्हटलं. त्यांनी चहा सांगितला. आम्ही दोघं तो प्यायलो. मला वाटलं होतं, फिटले की हलकं वाटेल. कप खाली ठेवताना कळलं ते एवढंच, की आता या टपरीवर यायला मला काही कारण उरलं नाही. माझी गाडी लागली होती. मी उठले. पैसे पूर्ण फिटले होते.